मुदत फक्त कर्मचाऱ्यालाच का?

मा. संपादक महोदय,

स. न. वि. वि.

आपल्या वृत्तपत्रात मागील पंधरवड्यात ग्वाल्हेरमधील एका वाचकांचे पत्र प्रसिद्ध झाले. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने, म्हणजे आपण सगळे ज्याला ‘कॅट’ म्हणतो त्याने, कर्मचाऱ्याच्या बाजूने काहीही आदेश दिला तरी खाते उच्च न्यायालयात जातेच. मग हा मधला टप्पा हवाच कशाला, तो बंदच करून टाकावा, असे त्यांचे म्हणणे होते. त्यांचा वैताग मला पूर्ण पटला, उपाय मात्र पटला नाही. मी येथील एका केंद्रीय कार्यालयात एकतीस वर्षे नोकरी केली आणि त्यांतली शेवटची नऊ वर्षे विधी कक्षाच्या, आमच्या बोलण्यात ‘कोर्ट सेल’च्या, टेबलावर काढली. कर्मचाऱ्यांनी लावलेल्या प्रकरणांत खात्याच्या बाजूचे कागद तयार करणे हेच माझे काम होते. त्यामुळे पुढे जे लिहितो आहे त्यातले बरेचसे माझ्याच हातून गेलेले आहे आणि त्यात माझ्या वाट्याचा दोषही आहे.

खात्याने उच्च न्यायालयात जाऊच नये, असे कोणीही जाणकार म्हणणार नाही. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम १९८५ चा. ‘कॅट’ सुरू झाले १ नोव्हेंबर १९८५ रोजी. आणि त्यानंतर सुमारे साडेअकरा वर्षे त्याच्या आदेशांवर दाद मागायची तर थेट सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागत असे. १८ मार्च १९९७ रोजी एल. चंद्रकुमार प्रकरणात सात न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ही स्थिती बदलली. उच्च न्यायालयांचा अनुच्छेद २२६ व २२७ खालील अधिकार, म्हणजे रिट काढण्याचा व खालच्या न्यायालयांवर देखरेख करण्याचा अधिकार, संविधानाच्या मूलभूत चौकटीचा भाग आहे, तो काढून घेता येणार नाही, आणि न्यायाधिकरणाच्या निर्णयांची तपासणी उच्च न्यायालयाचे द्विसदस्यीय खंडपीठ करील, असा तो निकाल आहे. तो अनेक कर्मचाऱ्यांच्याही उपयोगी पडला आहे. माझी तक्रार आहे ती फक्त एका प्रकारच्या याचिकेबद्दल आणि तिच्या वेळेबद्दल: न्यायाधिकरणाच्या अंतिम निकालाला नव्हे, तर मधल्या, तात्पुरत्या आदेशाला दिलेले आणि तेही आठ-दहा महिने, कधी दीड वर्ष उलटून गेल्यावर दिलेले आव्हान.

अंतरिम आदेश म्हणजे काय, हे ज्यांचा कोर्टाशी संबंध आलेला नाही त्यांच्यासाठी दोन ओळींत सांगतो. बदली, निलंबन, पगारातून वसुली, विभागीय परीक्षेला बसू न देणे अशा एखाद्या आदेशाविरुद्ध कर्मचारी मूळ अर्ज करतो. त्याचा निकाल लागायला वेळ लागणार हे उघड असते. तोवर भरून न येणारे नुकसान होऊ नये म्हणून न्यायाधिकरण ‘पुढील तारखेपर्यंत वसुली करू नये’ किंवा ‘परीक्षेला तात्पुरते बसू द्यावे, निकाल बंद पाकिटात ठेवावा’ असे सांगते. यात कोणाचे खरे, कोणाचे खोटे हे ठरत नाही. पाणी आहे तिथे थोपवून धरायचे, एवढाच त्याचा हेतू.

या तात्पुरत्या आदेशाने खात्यावर अन्याय होऊ नये, याचा विचार कायदा करणाऱ्यांनी केलेला आहे. अधिनियमाचे कलम २४ मुद्दाम वाचण्यासारखे आहे. विरुद्ध पक्षाला अर्जाच्या आणि कागदपत्रांच्या प्रती दिल्याशिवाय व त्याचे म्हणणे मांडण्याची संधी दिल्याशिवाय अंतरिम आदेश देऊ नये, असे ते कलम सांगते. पैशांत भरून न निघणारे नुकसान टाळण्यासाठी अपवाद करायचा झाला तर त्याची कारणे लेखी नोंदवावी लागतात आणि असा एकतर्फी आदेश, त्या अटी दरम्यान पूर्ण होऊन तो पुढे चालू ठेवला गेला नाही तर, चौदा दिवसांनी आपोआप संपतो. १९८७ च्या कार्यपद्धती नियमांप्रमाणे नोटीस मिळाल्यापासून एका महिन्यात खात्याने उत्तर दाखल करायचे असते. म्हणजे आदेश चुकीचा वाटला तर ज्या न्यायाधिकरणाने तो दिला त्याच्यासमोर महिन्याच्या आत उत्तर ठेवून ‘हा आदेश उठवा’ असा अर्ज करणे, हा सरळ, स्वस्त आणि जवळचा रस्ता खात्याला उपलब्ध आहे. नऊ वर्षांत या रस्त्याने आमचे कार्यालय किती वेळा गेले हे मी बोटांवर मोजू शकेन, आणि एका हाताची बोटे पुरतील.

बाकीच्या वेळी काय होत असे ते सांगतो. आदेशाची प्रत टपालाने येई. आवक बाबू तिच्यावर शिक्का मारून तारीख घाली. ती माझ्या टेबलावर येई तेव्हा मी टिपणी लिहून, पिवळी चिठ्ठी डकवून, फाइल वर पाठवीत असे: ‘आदेश अवलोकनार्थ सादर, पॅनेलवरील वकिलांचे मत मागवावे काय?’ या प्रश्नचिन्हाचे उत्तर यायला तीन आठवडे लागत. वकिलांचे मत यायला महिना. मत आले की आस्थापना शाखेकडून मुद्देनिहाय टिपणी मागवायची, तिच्यात जोडपत्र ‘क’ हमखास नसे, ते मागवायचे. मग फाइल मुख्यालयात, तिथून मंत्रालयात, मंत्रालयाने विधी विभागाचे मत घ्यायचे. दरम्यान अधिकाऱ्याची बदली झाली की नवीन साहेब ‘कृपया चर्चा करावी’ असा शेरा मारून फाइल पुन्हा खाली पाठवीत. त्यांच्याशी चर्चा होईपर्यंत फाइल माझ्या उजव्या हाताच्या लोखंडी कपाटात, वरून दुसऱ्या कप्प्यात, टॅग बांधून पडलेली असे. अशा तीस-चाळीस फायली तिथे निवांत असत. एखादी फाइल अचानक जागी होई, ती आदेश पाळला नाही म्हणून अवमान नोटीस आल्यावर. कारण तोवर नोटिसा ‘भारत सरकार’ या नावाने येत. अवमान नोटीस अधिकाऱ्याच्या स्वतःच्या नावाने येते. ज्या फाइलीला चढायला दहा महिने लागले ती त्या दिवशी दुपारी चारपर्यंत वर जाऊन सही होऊन खाली येई, आणि जयेंद्रगंजातल्या वकिलांच्या कार्यालयात रात्री नऊ वाजता टायपिंग चाललेले असे. ‘ही घाई दहा महिन्यांपूर्वी का नव्हती?’ असे विचारण्याचे धाडस मी केले नाही, हा माझा दोष.

अवमान नोटिशीच्या भीतीने उच्च न्यायालयात केलेली ही रिट याचिका (अनुच्छेद २२६ खालील याचिका) आदेशाच्या गुणदोषांवर नसते, हे तिचा मसुदा वाचणाऱ्याला पहिल्या पानावर कळते. तिच्यातली खरी विनंती शेवटून दुसऱ्या परिच्छेदात असते: न्यायाधिकरणासमोरच्या अवमान कारवाईला स्थगिती द्यावी. ती मिळाली की सगळेच थांबते. नुसती रिट दाखल केली म्हणून मूळ अर्जाची सुनावणी थांबत नाही, थांबवायची तर तसा आदेश लागतो, हे प्रत्येक वकिलाला माहीत आहे. तरीही न्यायाधिकरणात ‘रिट प्रलंबित आहे’ एवढे सांगून तारीख मागितली जाते, आणि आधीच शेकडो प्रकरणे समोर असताना ज्याला कोणी विरोध करीत नाही अशी तारीख दिली जाणे स्वाभाविक असते.

एक प्रकरण जवळून सांगतो. नाव-गाव सांगत नाही, कार्यालयही सांगत नाही. ते माझे नव्हते एवढेच सांगतो. माझ्या वाड्यातले एक शेजारी लिपिक पदावरून निवृत्त झाले. निवृत्तीला सात महिने राहिले असताना कार्यालयाला शोध लागला की चौदा वर्षांपूर्वीची वेतननिश्चिती चुकली होती. ती कार्यालयानेच केलेली होती. यांनी कोणतीही खोटी माहिती दिलेली नव्हती. एक लाख चौऱ्याऐंशी हजारांची वसुली निघाली. सर्वोच्च न्यायालयाने १८ डिसेंबर २०१४ रोजी पंजाब शासनाच्या एका प्रकरणात ‘क’ आणि ‘ड’ वर्गातील कर्मचारी, निवृत्त झालेले वा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि पाच वर्षांहून अधिक काळ जादा वेतन मिळालेले, यांच्याकडून अशी वसुली करू नये, असे स्पष्ट केलेले आहे. आमचे शेजारी या तिन्ही कप्प्यांत बसत होते. ‘कॅट’ने वसुलीला अंतरिम स्थगिती दिली. खाते दोन तारखांना हजर राहिले, उत्तर दाखल केले नाही, तिसऱ्या तारखेला मुदत मागितली. दरम्यान ते निवृत्त झाले आणि रजा रोखीकरणाच्या रकमेतून पूर्ण वसुली कापून घेतली गेली, स्थगिती असताना. यांनी अवमान अर्ज केला. त्यानंतर एकोणिसाव्या दिवशी, म्हणजे मूळ अंतरिम आदेशाला अकरा महिने झाल्यावर, खात्याने त्या आदेशाला उच्च न्यायालयात आव्हान दिले. आता चौथे वर्ष चालू आहे. मूळ अर्ज, जो निकालात काढायला एक सुनावणी पुरेल, तो जिथल्या तिथे आहे.

त्यांच्याबरोबर मी एकदा खात्याच्या पॅनेलवरच्या वकिलांना भेटलो. दौलतगंजातला मराठी मुलगा आहे, हुशार आहे, लहानपणी आमच्या गणेशोत्सवात नाटकात काम करायचा. मी विचारले, “अरे, अकरा महिन्यांचा उशीर कोर्टाला कसा समजावलास?” तो हसून म्हणाला, “काका, उशीर कुठला? रिटला मुदतच नसते. समजावायचे कशाला?”

कायदेशीरदृष्ट्या त्याचे उत्तर बरोबर होते आणि म्हणूनच मी हे पत्र लिहीत आहे. अनुच्छेद २२६ खालील रिट याचिकेला मुदत कायद्याने घातलेली कालमर्यादा नाही. दिरंगाई झाली असेल तर न्यायालय आपल्या विवेकाधिकारात दाद नाकारू शकते, एवढेच. अपिलाला उशीर झाला तर निदान विलंबमाफीचा अर्ज करावा लागतो, प्रतिज्ञापत्रावर कारणे द्यावी लागतात. येथे तो कागदही लागत नाही. याचिकेत ‘विलंब झाला आहे काय?’ या शीर्षकाखाली ‘नाही’ असे एका शब्दात लिहून पुढे जाता येते, आणि तसे लिहिलेल्या याचिका मी स्वतः तपासून पुढे पाठवल्या आहेत.

आता कर्मचाऱ्याकडे पाहा. त्याच अधिनियमाच्या कलम २१ प्रमाणे त्याला अंतिम आदेशापासून एका वर्षाच्या आत न्यायाधिकरणात यावे लागते; अपील वा निवेदन केले असेल तर सहा महिने उत्तराची वाट पाहून त्यानंतरच्या एका वर्षात. एक दिवस जास्त झाला तरी त्याला आजारपणाचे दाखले आणि मुलीच्या लग्नाच्या पत्रिका जोडून क्षमा मागावी लागते, आणि त्या अर्जाला सर्वांत कडाडून विरोध कोण करते, तर आमच्यासारखे कोर्ट सेलवाले. ‘अर्जदार आपल्या हक्कांबाबत झोपून राहिला’ हे वाक्य माझ्या संगणकात तयार असे. फक्त नाव बदलायचे.

सरकारी यंत्रणा मोठी असते, फाइल अनेक टेबलांवरून जाते, हे कारण आता मुदतीच्या प्रकरणांतही चालेनासे झाले आहे. टपाल खात्याच्याच एका प्रकरणात, २०१२ साली, सर्वोच्च न्यायालयाने ४२७ दिवसांचा विलंब माफ करायला नकार दिला आणि मुदतीचा कायदा सरकारलाही बांधतो, हे बजावले. आपल्या राज्यालाही याचा अनुभव आहे. १५ ऑक्टोबर २०२० रोजी मध्य प्रदेश शासनाची ६६३ दिवस उशिरा आलेली याचिका सर्वोच्च न्यायालयाने फेटाळली, पंचवीस हजार रुपये खर्च बसवला आणि तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करण्यास सांगितले. ‘वरपर्यंत गेलो होतो, काही झाले नाही’ असा दाखला फाइलीला लावता यावा, एवढ्यासाठीच आणलेल्या अशा प्रकरणांना न्यायालयाने ‘सर्टिफिकेट केसेस’ असे नाव दिले. हे नाव वाचले तेव्हा मला माझे ते लोखंडी कपाट आठवले. पण हे दोन्ही निकाल जेथे मुदत आहे तेथील आहेत. अंतरिम आदेशाविरुद्धची रिट त्या जाळ्यातून सुटून जाते, आणि हे खात्यांच्या वकिलांना चांगले ठाऊक आहे.

ग्वाल्हेरच्या वाचकांना यातली आणखी एक विसंगती जवळून दिसेल, कारण आपल्याकडे एकाच घरात एक भाऊ एजी ऑफिसात (महालेखापालांच्या कार्यालयात), टपालात, रेल्वेत किंवा संरक्षण संशोधनाच्या प्रयोगशाळेत आणि दुसरा राज्याच्या शिक्षण किंवा महसूल खात्यात, असे चित्र नवे नाही. राज्य कर्मचाऱ्यांसाठीचे प्रशासकीय न्यायाधिकरण राज्याच्या विभाजनानंतर बंद झाले आणि ते बंद करणे सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये वैध ठरवले. तेव्हापासून राज्याचा कर्मचारी थेट उच्च न्यायालयात एकल न्यायमूर्तींसमोर जातो. तेथे त्याला अंतरिम स्थगिती मिळाली तर काय? २००५ चा राज्याचा अधिनियम, ज्याने एकल न्यायमूर्तींच्या निर्णयाविरुद्ध खंडपीठाकडे अपिलाची सोय केली, तोच सांगतो की मधल्या आदेशांविरुद्ध असे अपील चालणार नाही. आणि अंतिम निर्णयाविरुद्धही ते पंचेचाळीस दिवसांत करायचे. दिसायला अंतरिम पण परिणामाने अंतिम असलेल्या आदेशाचा वाद तिथेही होतो, तो भाग वेगळा. परंतु मूळ नियम असा आहे. म्हणजे राज्यातल्या भावाची स्थगिती सहसा अपिलापासून सुरक्षित आणि केंद्रातल्या भावाची स्थगिती केव्हाही, कितीही महिन्यांनी, खंडपीठापुढे ओढता येण्याजोगी. दोघांच्या बदलीचा आदेश शब्दशः सारखा असला तरी.

असे व्हावे असे सरकारचे स्वतःचेही मत नव्हते, हे मला फार उशिरा कळले. २०१० साली केंद्रीय विधी मंत्रालयाने राष्ट्रीय वाद-धोरणाचा जो दस्तऐवज जाहीर केला त्यात एकतर्फी अंतरिम आदेशांविरुद्ध अपील करू नये, आधी तो आदेश उठवून घेण्याचा प्रयत्न करावा, तो उठला नाही आणि चालू राहिल्याने बाधा पोहोचत असेल तरच वर जावे, असे सांगितले होते. न्यायाधिकरणांच्या आदेशांना आव्हान देणे हा अपवाद असावा, रिवाज असू नये, आणि एका व्यक्तीच्या तक्रारीपुरत्या मर्यादित सेवा प्रकरणांत अपील करू नये, असेही त्यात होते. ते धोरण पुढे बंधनकारक स्वरूपात आले नाही ही गोष्ट खरी. पण त्यातला हा भाग पाळायला कोणत्या अधिसूचनेची गरज होती? त्याची झेरॉक्स प्रत आमच्या फाइलीत होती. तिच्यावर आवकचा शिक्का होता, तारीख होती आणि ‘पाहिले, दप्तरी दाखल’ असा शेरा होता.

या सगळ्यात केवळ खात्याचीच चूक आहे असे दाखवणे मात्र अप्रामाणिकपणाचे होईल. मी दुसऱ्या बाजूला बसलेलो असल्याने सांगतो की काही अंतरिम आदेश खरोखरच जाच करणारे असतात. बदली हा सेवेचाच भाग आहे, द्वेषबुद्धी किंवा नियमाचे उल्लंघन नसेल तर न्यायालयांनी त्यात पडू नये, हे १९९१ सालापासून ठरलेले असताना बदलीला एकतर्फी स्थगिती मिळते; चौदा दिवसांची जी मर्यादा मी वर सांगितली तिच्याकडे दुर्लक्ष होऊन ‘अंतरिम आदेश पुढील तारखेपर्यंत चालू’ ही ओळ प्रत्येक तारखेला पुन्हा लिहिली जाते; आणि एकदा स्थगिती हातात आली की कर्मचाऱ्याच्या वकिलांनाही अंतिम सुनावणीची घाई राहत नाही. ‘कॅट’च्या जबलपूर पीठाचे सदस्य सर्किट (फिरत्या) बैठकीसाठी ग्वाल्हेरला येतात तेव्हाच येथील प्रकरणे समोर लागतात, त्यामुळे एक तारीख हुकली की पुढची लांब जाते. एका टेबलावर दोन अधिकारी, एक स्थगिती घेऊन बसलेला आणि एक नव्याने रुजू झालेला, असा प्रसंग मी पाहिलेला आहे. चार महिने दोघांनी एकमेकांशी बोलणे टाळले आणि हजेरीपटावर सही कोणी करायची हा प्रश्न रोज सकाळी साडेनऊला उभा राहिला. अशा वेळी खात्याने तातडीने वर जाणे मी समजू शकतो. ‘तातडीने’ हा शब्द येथे महत्त्वाचा आहे. ज्या आदेशाने कारभार अडतो असे आपण शपथेवर सांगतो त्या आदेशासह तोच कारभार अकरा महिने सुरळीत चालला असेल, तर शपथपत्रातल्या त्या वाक्याला काय अर्थ उरतो?

उशिराच्या आव्हानाने होणारे खरे नुकसान या दोन पक्षांपुरते राहत नाही. विभागीय परीक्षेचे उदाहरण घ्या. न्यायाधिकरणाने पाच जणांना तात्पुरते बसू दिले, निकाल बंद पाकिटात ठेवला. परीक्षा झाली, उत्तरपत्रिका तपासल्या गेल्या. वर्षभराने खाते म्हणते की या पाच जणांना बसू देणेच चूक होते. आता ती परीक्षा कोणी पुसून काढू शकत नाही. उच्च न्यायालयापुढेही पाकीट उघडायचे की नाही एवढाच प्रश्न उरतो, जो न्यायाधिकरण मूळ अर्जात ठरवणारच होते. तोवर पाच जागा राखून ठेवाव्या लागतात, आणि यादीत त्यांच्या खाली असलेले, ज्यांचा कोर्टाशी काही संबंध नाही असे लोक पदोन्नतीची वाट पाहत राहतात. आमच्या कार्यालयात अशी वाट पाहताना दोघे निवृत्त झाले. त्यांचा निरोप समारंभ एकाच दिवशी झाला. शाल, श्रीफळ आणि भिंतीवरचे घड्याळ दिले.

थोडे विषयांतर होईल, पण कर्मचारी वाचकांच्या उपयोगाचे म्हणून लिहितो. अंतरिम आदेश मिळाल्यावर अनेक वकील उच्च न्यायालयात कॅव्हेट लावून ठेवायला सांगतात, म्हणजे आपल्याला न ऐकता स्थगिती दिली जाऊ नये. सल्ला चांगला आहे. पण दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे कॅव्हेटचे आयुष्य नव्वद दिवसांचे. जे आव्हान अकराव्या महिन्यात येणार त्याच्यासमोर ती केव्हाच मेलेली असते. दर तीन महिन्यांनी ती नवी करीत राहा, एवढेच मी सांगू शकतो, आणि त्याचा खर्च पुन्हा ज्याच्या पगारातून वसुली चालली आहे त्याच्याच खिशातून.

काय करता येईल? कायद्यात बदल संसद करील तेव्हा करील. त्याआधी उच्च न्यायालयाला आपल्याच नियमांतून एक साधी गोष्ट करता येण्यासारखी आहे, असे मला अनुभवावरून वाटते. न्यायाधिकरणाच्या अंतरिम आदेशाविरुद्धच्या प्रत्येक याचिकेच्या पहिल्या पानावर आदेशाची तारीख, तो कार्यालयात पोहोचल्याची आवक तारीख, मूळ अर्जात उत्तर दाखल केल्याची तारीख, आदेश उठवण्यासाठी न्यायाधिकरणाकडे अर्ज केला काय व त्याचे काय झाले, आणि अवमान नोटीस आली असल्यास ती केव्हा आली, या गोष्टी भराव्या लागल्या, आणि त्यावर लिपिकाची नव्हे तर निर्णय घेणाऱ्या अधिकाऱ्याची सही लागली, तर निम्म्या याचिका टाइपच होणार नाहीत. ‘उत्तर दाखल केलेले नाही’ असे स्वतःच्या सहीने लिहून मग स्थगिती मागायला कोणीही अधिकारी कचरेल. शेवटची दोन उत्तरे शेजारी-शेजारी आली की न्यायमूर्तींना पुढचे काही वाचावेही लागणार नाही. आणि याचिकेत तथ्य आहे असे वाटले तरी मूळ अर्ज थांबवण्याऐवजी तो इतक्या आठवड्यांत निकाली काढावा असा आदेश झाला, तर दोन्ही पक्षांचे काम होते. अधिनियमाचे कलम २२ प्रत्येक अर्ज शक्य तितक्या लवकर, आणि सामान्यतः कागदपत्रे व लेखी निवेदने पाहून निकालात काढावा असे सांगतेच. स्थगिती मिळवण्यात जेवढी शक्ती खर्च होते तेवढ्यात उत्तर दाखल करून अंतिम सुनावणी होऊन जाते. खात्यांच्या प्रमुखांना तर कोणाच्याही आदेशाची गरज नाही. आदेश आल्यापासून तीस दिवसांत एकतर उत्तरासह न्यायाधिकरणाकडे जायचे, नाहीतर तो आदेश पाळून अंतिम निकालाची वाट पाहायची, एवढे परिपत्रक एका पानात निघू शकते.

ज्या वाचकांच्या पत्रावरून मी हे लिहायला घेतले त्यांना एवढेच सांगावेसे वाटते की न्यायाधिकरण बंद केले तर ही याचिका बंद होणार नाही, फक्त तिचा पत्ता बदलेल. पन्नास रुपयांच्या शुल्कात जेथे अर्ज लागतो, जेथे निवृत्त शिपाई वकिलाशिवायही स्वतः उभा राहून बोलू शकतो, ती जागा आपल्या हाताने सोडू नये. त्यांचे स्वतःचे काही प्रकरण अडकले असेल तर त्यांनी आधी माहितीच्या अधिकारात आपल्याच कार्यालयाकडून तीन तारखा मागवाव्यात: अंतरिम आदेशाची प्रत आवक झाल्याची, वकिलांचे मत मागवल्याची, आणि रिट दाखल करण्याला मंजुरी दिल्याची. पहिल्या आणि तिसऱ्या तारखेमधले अंतर त्यांच्या वकिलांनी उत्तराच्या पहिल्याच परिच्छेदात मांडावे. आमच्या शेजाऱ्यांनी ते उशिरा मागवले. त्यांच्या फाइलीत पहिल्या दोन तारखांमध्येच साडेसहा महिने गेले होते, आणि त्या साडेसहा महिन्यांच्या नोटशीटवर एकच ओळ होती: ‘कृपया चर्चा करावी.’

आपला विश्वासू,
एक निवृत्त केंद्रीय कर्मचारी
लष्कर, ग्वाल्हेर